तिसऱ्या डब्यातली चाल

टेबलावर पत्र्याचे तीन डबे होते. पहिल्यात बासष्ट फूट फिल्म, दुसऱ्यात अठ्ठावन्न, तिसऱ्यात एक्केचाळीस. एका फुटात सोळा चित्रं, म्हणजे एकूण दोन हजार पाचशे शहात्तर. त्यांतली चार आदल्या दिवशी जळाली होती. डब्यांशेजारी एक भिंग, एक कोनमापक, शाळेच्या प्रयोगशाळेतलं स्टॉपवॉच आणि डॉक्टरांची चिठ्ठी. चिठ्ठीत दोनच ओळी होत्या: ‘बुधवारी संध्याकाळपर्यंत आकडा कळवा. गुरुवारी सकाळी भूल द्यायची आहे.’

भूल द्यायची होती साळूबाईंना. त्या वेल्ह्याकडच्या, तोरण्याच्या पायथ्याच्या एका वाडीतल्या. कार्तिकात हिरडे काढताना झाडावरून पडल्या आणि उजव्या मांडीचं हाड गुडघ्याच्या थोडं वर मोडलं. गावातल्या जाणत्यानं बांबूच्या कांबी बांधल्या. अकरा आठवड्यांनी सोडल्या तेव्हा हाड जुळलं होतं, पण गुडघा वाकेना. नवरा गेनू त्यांना बैलगाडीत घालून भोरला घेऊन आला. डॉक्टरांनी पाय पाहिला आणि लतीफ वस्तादांकडे पाठवलं.

वस्ताद जुने पैलवान. कुस्ती सुटल्यावर आखडलेले सांधे सोडवण्याचं काम करत. डॉक्टर शिकलेले आणि कडक, पण वस्तादांच्या हातावर त्यांचा विश्वास होता. परदेशातल्या एका मासिकात त्यांनी वाचलं होतं, की तिकडे रोग्याच्या व्यायामाचा चित्रपट घेतात, म्हणजे महिन्यामहिन्याचा फरक डोळ्यांनी पाहता येतो. वस्तादांचा मेहुणा महंमद दहा वर्षं तंबूतल्या बायस्कोपबरोबर हिंडलेला. बोलपट आल्यावर तंबू मोडला आणि हाताने फिरवायचं जुनं यंत्र त्याच्याकडे राहिलं. त्याच यंत्राने चित्र घ्यायचं आणि मागे दिवा लावून त्यानेच दाखवायचं. अशा तऱ्हेने आठ फेब्रुवारी, सात मार्च आणि चार एप्रिल १९३६ या तीन दिवशी साळूबाईंची फिल्म घेतली गेली.

डॉक्टरांचा प्रश्न एकच होता. गुडघा अजून सुटतो आहे, की सुटायचा थांबला आहे? सुटत असेल तर व्यायाम चालू ठेवायचा. थांबला असेल तर भूल देऊन जोराने वाकवायचा, म्हणजे सांध्याच्या आत चिकटलेलं तुटतं. उशीर केला तर ते जास्तच घट्ट होतं. पण हाड नुकतंच जुळलेलं. जोर लावताना ते जुन्याच जागी पुन्हा मोडू शकतं. “चारांत एखादीचं मोडतं,” डॉक्टर स्वतःच म्हणाले होते. साळूबाईंनी ते ऐकलं होतं.

शनिवारी दुपारी आम्ही प्रयोगशाळेच्या खिडक्यांना घोंगड्या लावून तिन्ही फिल्म पाहिल्या. डॉक्टर, वस्ताद, यंत्रावर महंमद, आणि जागा माझ्या ताब्यातली म्हणून मी. मी त्या शाळेत शास्त्र शिकवतो.

तिन्हींत प्रसंग एकच होता. वस्तादांच्या अंगणात साळूबाई उंच बाकावर बसतात. समोर पडवीच्या तुळईला दोराने वाळूची थैली टांगलेली. ती पायाने ढकलायची, परत येऊ द्यायची. थैलीच्या भाराने पाय थोडा मागे दाबला जातो, हाच व्यायाम. मग बाकावरून उठून हौदापर्यंत वीस फूट चालायचं. पहिल्या फिल्ममध्ये त्या भिंतीला हात लावत गेल्या. दुसरीत हात न लावता. तिसरीत मात्र अशा भरभर निघाल्या, की वस्तादांनी मांडीवर थाप मारली.

“बगा! बगा साहेब! दोन म्हैन्यांत!”

“थांबवा,” डॉक्टर म्हणाले.

महंमदचा हात थांबला. दिव्याच्या धगीने चित्राच्या मधोमध तपकिरी डाग उमटला आणि पसरू लागला. महंमदने झटकन दिव्यापुढे पत्रा सरकवला, फिल्म ओढून काढली आणि बोटांनी विझवली. खोलीत जळक्या शिंगासारखा वास भरला. त्यात चार चित्रं गेली.

“थांबवायचं न्हाई म्हनून सांगितलं होतं साहेब,” महंमद बोटं तोंडात घालत म्हणाला. “आग लागली असती हितं.”

“ती कोंबडी बघितलीत?” डॉक्टर माझ्याकडे वळले. “हौदाजवळची. कुठली कोंबडी असे दाणे टिपते? शिवणयंत्राच्या सुईसारखी? वस्ताद, बाई भरभर चालल्या नाहीत. यंत्राचा दांडा हळू फिरवलाय. हळू घेतलेलं चित्र दाखवताना पळतं, एवढं मलाही कळतं.”

वस्ताद उभे राहिले. “म्हंजे म्या लबाडी केली?”

“मी तसं म्हटलं नाही.”

“मग काय म्हटलं?”

डॉक्टरांनी तिसरा डबा माझ्यापुढे सरकवला. मला म्हणाले, “मास्तर, तुम्ही पदवीधर. यातलं खरं किती ते काढा. मला डोळ्यांचा पुरावा नको, आकडा हवा.”

रविवारी मी खिडकीच्या काचेवर फिल्म धरून भिंगाने चित्रं मोजायला बसलो.

चित्रं मोजणं सोपं होतं. एका चित्राला वेळ किती लागला, हे कळणं अवघड. त्यासाठी फिल्मच्या आतच घड्याळ हवं होतं. ते तिसऱ्या तासाला सापडलं. साळूबाई उठून चालू लागतात तेव्हा मागे थैली एकटीच झुलत राहते. टांगलेली वस्तू थोडीच झुलत असेल तर तिच्या झोक्याचा वेळ दोराच्या लांबीवर ठरतो, ती कोणी ढकलली यावर नाही.

मी वस्तादांच्या अंगणात गेलो. तुळईपासून थैलीच्या मध्यापर्यंत सहा फूट तीन इंच. पन्नास झोके मोजले, दोन मिनिटं अठरा सेकंद. एका झोक्याला पावणेतीन सेकंदांहून किंचित जास्त, २.७६. दोर मधे बदलला होता का, हेही पाहिलं. तिन्ही फिल्ममध्ये थैलीचा तळ मागच्या भिंतीतल्या एकाच दगडाच्या सांध्याशी होता.

“काय चाललंय मास्तर?” वस्तादांनी विचारलं. “थैलीची दीष्ट काढताय का?”

“घड्याळ लावतोय.”

“लावा. पर ह्यो थैला खोटं बोलनार न्हाई. तीन शेर वाळू हाय त्यात, नदीची.”

पहिल्या फिल्ममध्ये एका झोक्याला चव्वेचाळीस चित्रं. दुसरीत चव्वेचाळीस. म्हणजे सेकंदाला जवळजवळ सोळा, महंमद सांगत होता तेवढीच. तिसरीत एकतीस. सेकंदाला सव्वाअकरा. डॉक्टरांची कोंबडी बरोबर होती.

आता चालणं. वीस फुटांना पहिल्या फिल्ममध्ये दोनशे सव्वीस चित्रं, म्हणजे १४.२ सेकंद. दुसरीत एकशे बाहत्तर, १०.८ सेकंद. तिसरीत एकशे वीस. पडद्यावर ते साडेसात सेकंद दिसत होते. खरे होते १०.७.

मी भागाकार दोनदा केला. पहिल्या महिन्यात जवळजवळ साडेतीन सेकंदांचा फरक पडला होता. दुसऱ्या महिन्यात सेकंदाचा दहावा भाग, म्हणजे माझ्या मोजण्यातल्या चुकीहूनही कमी. हा आकडा दिला तर गुडघा सुटायचा थांबला, एवढाच त्याचा अर्थ होत होता. गुरुवारी सकाळी भूल.

सोमवारी मी तो वस्तादांना सांगितला. न सांगता डॉक्टरांकडे जाणं मला बरं वाटेना. त्यांनी पूर्ण ऐकून घेतलं आणि मग महंमदच्या पाठीत गुद्दा घातला.

“हात मोडला होता तुजा त्या दिशी?”

“अहो मेहुणे, मी रोजच्यासारकाच फिरवला! मनात अलिफ, बे, ते म्हनत. एका अक्षराला एक फेरा. दहा वर्सं तसंच करतोय. पार कोकनापातूर कुनी बोट दाखवलं न्हाई माज्या हाताला.”

“मग ही तिसरी फिल्म कुनी फिरवली? जिन्नानं?”

“वस्ताद, थांबा,” मी म्हणालो. तिसऱ्या फिल्ममधल्या एका गोष्टीचा मला उलगडा होत नव्हता. पहिल्या दोन्हींत साळूबाईंची पावलं कमीजास्त पडत होती. एकाला दहा चित्रं, दुसऱ्याला चौदा, मग नऊ. तिसरीत प्रत्येक पावलाला नेमकी आठ चित्रं होती. पंधरा पावलं, पंधरा वेळा आठ. आणि दांड्याच्या एका फेऱ्यात यंत्र आठच चित्रं घेतं. “महंमद, तुमचा दांडा आणि त्यांचं पाऊल एकत्र कसं पडलं?”

महंमदने जमिनीकडे पाहिलं. “मास्तर,” तो म्हणाला, “ती गात होती.”

“कोण?”

“साळूबाई. जात्यावरचं. चालताना गात होती. माजी अलिफ-बे कुठं सुटली त्ये मलाच कळलं न्हाई. तंबूत बाजावाला बसला की हात त्याच्या मागं जायाचाच. सवयच हाताला.”

“मुकं चित्र, आन् तू गान्यावर फिरवलं!” वस्ताद म्हणाले. पण आवाजातला राग निम्मा झाला होता.

मंगळवारी पहाटे मी सायकल काढली. नसरापूरपर्यंत रस्ता बरा होता. पुढे वेल्ह्याकडे निम्मं अंतर सायकल ढकलावी लागली आणि शेवटचे दोन मैल पायी. वाडीत पोहोचलो तेव्हा गेनू दारात गाडीच्या चाकाला वंगण लावत होता. दुसऱ्या दिवशी बायकोला भोरला न्यायचं म्हणून.

“मास्तर आले? काय, भूल न्हाई द्यायची म्हनून सांगाया?”

“अजून तसं काही नाही. काही विचारायचं आहे.”

“इचारा की. सगळं भोर इचारतंय, आमी उत्तरंच देतोय.” त्याने हात धोतराला पुसले. “मास्तर, खरं सांगा. पुन्यांदा मोडलं तर?”

“पुन्हा कांबी. पुन्हा अकरा आठवडे.”

“आन् मग पुन्यांदा असाच आखडनार.” त्याने वंगणाचा नळा चाकाला टेकवून ठेवला.

साळूबाई बाहेर आल्या. काठी होती, पण ती खांद्यावर, बकरी हाकायची. मी गाण्याचं विचारताच त्या लाजल्या आणि हसल्या.

“आता माज्या गान्याचंबी माप घेता व्हय?”

“घ्यायचं आहे. त्या दिवशी चालताना म्हणत होतात ते म्हणा, आणि तसंच चाला.”

“वस्तादांनीच सांगितलं हुतं. म्हनले, घाई न्हाई करायची, दोनी पाय सारके टाकायचे. म्या म्हनलं, माजं डोस्कं न्हाई ऱ्हात दोन पायांवर. मग म्हनले, जात्यावर म्हनती त्ये म्हन, पाय त्याच्या मागं टाक.” आणि चालत म्हणू लागल्या:

हिरड्याच्या झाडा, तुजी फांदी रं वाकडी
पाय केलास माजा, जशी चुलीची लाकडी

मी स्टॉपवॉच दाबलं. एकवीस पावलांना पंधरा सेकंद. एका पावलाला सेकंदाचे एकाहत्तर शतांश. तिसऱ्या फिल्ममधल्या आठ चित्रांनाही तेवढाच वेळ होता.

म्हणजे त्या दिवशी हातही ओवीच्या मागे गेला होता आणि पायही. १०.७ सेकंद हा गुडघ्याचा आकडा नव्हता, गाण्याचा होता. पण त्यामुळे साळूबाईंचं काहीच भलं होत नव्हतं. दोन्ही पावलं सारखी पडली हाही पुरावा होत नव्हता, कारण दांडा पावलाबरोबर हलला असेल तर कमीजास्त पाऊलही सारखंच दिसेल. तिसऱ्या फिल्ममधल्या चालण्यावरून गुडघ्याबद्दल काहीही सांगता येत नव्हतं, सुटतोय असंही नाही आणि थांबलाय असंही नाही. ‘काही सांगता येत नाही’ या उत्तरावर डॉक्टर थांबणार नव्हते.

मी ते साळूबाईंना सांगितलं. समजेल अशा शब्दांत.

“चाल कशापायी मोजता मग?” साळूबाई म्हणाल्या. “चालाया मला घाई हाय का? ह्यांच्या मागं चालायचं तर हळूच चालावं लागतं.” गेनूने मान खाली घालून वंगण लावायला घेतलं. “आवं मास्तर, पयल्यांदा त्या बाकावर बसले तवा मला समोरचा उंबरा दिसंना. पायच आडवा हुता, तुळईवानी. आता उंबरा दिसतो. पडवीतली कोंबडी दिसती. त्ये न्हाई का आलं फोटूत?”

मी तिथे पाणीही न पिता निघालो. गेनू मागून ओरडला, “मास्तर, भाकरी तरी!”

अंधार पडायच्या आत मी भोरला पोहोचलो. खिडकीत उजेड होता तोवर चित्रं शोधली. दांडा जलद फिरवा की हळू, एका चित्रातला कोन बदलत नाही. थैली परत येऊन पाय सर्वांत जास्त मागे दाबते ते चित्र प्रत्येक फिल्ममधून काढायचं, त्याची रेघ कागदावर उतरवायची आणि कोनमापक लावायचं. सरळ पाय म्हणजे शून्य, जितका वाकेल तितके अंश. बुधवारी सकाळी उजेड आल्यावर सगळं पुन्हा एकदा मोजलं.

दुपारी मी डॉक्टरांच्या खोलीत गेलो. वस्ताद आधीच येऊन भिंतीशी उभे होते. साळूबाई आणि गेनू बाहेर पायरीवर. गाडी कडुनिंबाखाली सोडलेली.

चालण्याचा आकडा मी आधी दिला, आणि तो टाकाऊ का ते सांगितलं. डॉक्टरांनी कपाळाला हात लावला. “ओवी,” ते म्हणाले. “मासिकात हे नव्हतं लिहिलं. पुढे?”

“कोन. पहिल्या फिल्ममध्ये बावीस. पण तो धरू नका. त्या बाकावर तिरक्या बसल्या आहेत. दुसरीत एक्केचाळीस. तिसरीत बावन्न.”

“तिसरीतही तिरक्या नसतील कशावरून? तिरकं बसलं की कोन खोटा दिसतो.”

“मांडी आणि नडगी दोन्हींची चित्रातली लांबी मोजली. तिरकं बसलं की मांडी आखूड दिसते. दुसरीत मांडीला नडगीचं प्रमाण तेवीसास एकवीस. तिसरीतही तेवीसास एकवीस.”

“चूक किती?”

“तीन अंश. इकडे किंवा तिकडे.”

“दोन्हीकडची धरली तर अकराचे पाचच उरतात.”

“हो.”

वस्तादांनी माझ्याकडे असं पाहिलं, जणू मीच त्यांचा दोर कापला होता. डॉक्टर उठले आणि कपाटातून पितळी कोनमापक घेतलं, दोन लांब पात्यांचं. साळूबाईंना आत बोलावलं, बाकावर बसवलं. एक पातं मांडीवर, एक नडगीवर. वाकेल तेवढा वाकवायला सांगितलं. साळूबाईंनी ओठ दातांखाली धरला.

“चौपन्न,” डॉक्टर म्हणाले. मग कागदावरच्या माझ्या बावन्नकडे पाहिलं. “तुमची चित्रं गुडघ्याबाबत खोटं बोलत नाहीत, एवढं मान्य. पण अकरा दिवसांत दोनच अंश. हेही मंदावत असेल.”

“साहेब, यक म्हैना द्या,” वस्ताद म्हणाले.

“महिना नाही. तीन आठवडे. सात मे, गुरुवार. साठ अंश झाले तर मी हात लावणार नाही. एकोणसाठ झाले तरी भूल देणार. कबूल?”

“आमाला इचारलं तर मी सांगते,” साळूबाई म्हणाल्या. सगळे त्यांच्याकडे वळले. “कबूल. पर यंत्र नगं. महंमदभाऊंचा हात लई गानं ऐकतो.”

महंमद तिथे नव्हता, तरी वस्ताद खाली बघून हसले.

साळूबाई भोरमध्येच, मावशीकडे राहिल्या. पहिल्या आठवड्यात वस्तादांनी थैलीत तीन शेरांच्या जागी पाच शेर वाळू भरली. दहाव्या दिवशी गुडघा सुजला, गरम झाला. मी संध्याकाळी गेलो तेव्हा साळूबाई पाय उशीवर ठेवून बसल्या होत्या आणि मावशी वस्तादांना सुनावत होती. “पैलवान आसाल तुमच्या घरी! ह्यो बाईचा पाय हाय, आखाड्यातला जोडीदार न्हवं!” वस्ताद स्वतः खाली बसून थैलीतली वाळू ओंजळीने काढत होते. चार दिवस व्यायाम बंद राहिला. पाचव्या दिवशी दोन शेरांवर सुरू झाला, आणि रोज मूठभर वाळू वाढत गेली. मी रोज जात असे, पण मोजत नसे. मोजलं की त्या जास्त जोर लावतील, अशी भीती होती.

सात मेला सकाळी साडेआठला आम्ही दवाखान्यात जमलो. टेबलावर भुलीची बाटली, जाळीचा मुखवटा आणि धुतलेले टॉवेल होते. शेजारी नव्या कांबी. गेनू दाराच्या चौकटीला धरून उभा होता आणि कांबींकडे बघत होता. वस्ताद आत आले नाहीत. ते कडुनिंबाखाली गाडीच्या दांडीवर बसून राहिले.

साळूबाई बाकावर बसल्या. त्या गात नव्हत्या. डॉक्टरांनी पितळी पाती लावली.

“वाकवा. आणखी. दुखतंय का?”

“दुखतंय. तुमी मोजा.”

डॉक्टर वाकून आकडा वाचत होते आणि मी वहीत लिहीत होतो. एकदा वाचून त्यांनी पाती काढली, पाय सरळ करायला लावला आणि पुन्हा लावली. मग मला पुढे बोलावलं आणि तिसऱ्यांदा मला वाचायला लावलं.

एकसष्ट. साठ. बासष्ट. सरासरी एकसष्ट अंश.